माझ्या नकळत

टेम्पो जप्त होऊन एकेचाळीस दिवस झाले होते, आणि या एकेचाळीस दिवसांत घरातल्या एकाही माणसाने त्याचं आरसी बुक उघडून पाहिलं नव्हतं. पाहायचं काय त्यात? टेम्पो मधल्याचा होता. तो कुठे जायचा, कधी यायचा, त्याला कोणी हात लावायचा हे मधला ठरवायचा. बाजूच्या फळीवर पिवळ्या अक्षरांत ‘बंधू गादी कारखाना’ लिहिलेलं होतं, तेही मधल्यानेच रंगाऱ्याच्या डोक्यावर उभं राहून लिहवून घेतलेलं. तेव्हा दारूबंदीच्या कायद्याखाली धरलेली गाडी सोडवण्याचा अर्जही त्यानेच केला. एकेचाळिसाव्या दिवशी अर्ज परत आला. वर लाल शाईत एक ओळ होती: अर्जदार वाहनाचा मालक नसल्याने नामंजूर.

मधल्याने ती ओळ कोर्टाच्या जिन्यात उभ्याउभ्या तीनदा वाचली. कारकुनाची चूक असणार याबद्दल त्याला शंका नव्हती. दुसऱ्यांच्या चुका काढण्यात त्याचा हातखंडा होता. घरी येऊन त्याने कपाटातून आरसी बुकाचं प्लास्टिकचं पाकीट काढलं. मालकाच्या रकान्यात मोठीचं नाव होतं.

मोठी म्हणजे थोरल्याची बायको. थोरल्याला जाऊन सहा वर्षं झाली होती. टेम्पो घेतला तेव्हा बाईच्या नावावर नोंदणी केली तर शुल्कात सूट मिळत होती, एवढ्याच कारणाने त्याने बायकोचं नाव लावलं, आणि ते लावल्याचं बहुधा बायकोलाही सांगितलं नाही. म्हणजे सहा वर्षं मधला ज्या चाव्या खिशात वाजवत हिंडला, त्या त्याच्या वहिनीच्या होत्या, आणि ‘बंधू’ ही अक्षरं ज्या पत्र्यावर ऐटीत बसली होती, तो पत्रा एका बाईच्या मालकीचा होता.

ही बातमी त्याने वकीलबाईंना फोनवर पडत्या आवाजात सांगितली. वकीलबाईंना उलट आनंद झाला. गाडी चालवता न येणारी, सकाळपासून संध्याकाळपर्यंत कारखान्याच्या मागच्या बाजूला शिवणावर बसलेली विधवा मालकीण! असा मालक शोधून सापडत नाही, त्या म्हणाल्या. मधल्याला मात्र या अर्जाच्या निमित्ताने आपला मालक बदलल्यासारखं वाटत राहिलं.

गाडी कशी पकडली गेली, हे आता सगळ्या बाजाराला पाठ झालं होतं. एका गेस्ट हाउसच्या मालकाने बारा गाद्या सांगितल्या होत्या, आणि त्यातल्या दोन ‘भरीव’ हव्यात असं धाकट्याच्या कानात सांगितलं होतं. गेस्ट हाउस नाक्याच्या पलीकडे, दारूबंदीच्या हद्दीत. धाकट्याने दोन गाद्यांत कापसाच्या थरांमध्ये बाटल्या निजवल्या आणि वरून असं शिवण घातलं की त्याच्या बापानेही पाठ थोपटली असती. नाक्यावर पावत्या बरोबर निघाल्या. हवालदाराने ताडपत्री उचलली, कडेच्या दोनतीन गाद्या दाबल्या आणि तो जा म्हणणारच होता. पण सकाळपासून उभं राहून त्याचे पाय भरून आले होते आणि समोर गाद्याच गाद्या होत्या. तो मागच्या फळीवर पाय देऊन चढला आणि सगळ्यांत वरच्या गादीवर जरा टेकला.

जड माल खाली आणि हलका वर, हे कोणत्याही हमालाला कळतं. धाकटा हमाल असता तर सुटला असता. पण तो गादीवाला होता. नवी भरलेली गादी ढिगाखाली ठेवायची नाही, तिचा कापूस बसतो, हे त्याच्या हातात पोरवयापासून मुरलेलं. बाटल्यांच्या गाद्या सगळ्यांत शेवटी भरल्या होत्या, म्हणजे सगळ्यांत नव्या होत्या. हाताने त्या आपसूक वर ठेवल्या. पंचनाम्यात लिहिलं होतं की बसल्यावर हवालदारास ‘कठीण पदार्थ लागला’. कुठे लागला ते पंचांनी सभ्यपणे गाळलं होतं.

धाकटा चौथ्या दिवशी जामिनावर सुटला. टेम्पो सुटला नाही. तो पोलीस ठाण्याच्या आवारात उन्हात उभा राहिला, आणि इकडे कारखान्यात हॉस्पिटलच्या नव्या वॉर्डासाठी भरलेल्या साठ गाद्या छपराला टेकल्या. त्या महिनाअखेरीला पोचवायच्या होत्या. भाड्याने गाडी द्यायला कोणी तयार नव्हतं. ‘तुमच्या गाद्यांवर झोपलं की चढते म्हणतात,’ असं म्हणून गाडीवाले हसायचे आणि फोन ठेवायचे. मधला या विनोदाला पहिल्या आठवड्यात चिडायचा. सहाव्या आठवड्यात तो ‘बरं’ म्हणून पुढचा नंबर लावायचा.

*

रविवारी दुपारी सगळे कारखान्यात जमले. पंखा बंद ठेवावा लागतो, नाहीतर कापूस उडतो. म्हणून सगळे घामाघूम होऊन कापसाच्या गाठींवर बसले होते, आणि वकीलबाई दर दोन वाक्यांमागे शिंकत होत्या.

आक्का सगळ्यांत उंच गाठीवर बसली होती. ती मधल्याहून मोठी, थोरल्याच्या पाठची. तिचं चष्म्याचं दुकान होतं आणि तिच्या एकटीच्या नावावर एक घर होतं, म्हणून तिला बोलावलं होतं. गाडी सोडताना कोर्ट जामीनदार मागतं, आणि जामीनदाराकडे काहीतरी पक्कं लागतं. आक्का गेल्या दोन वर्षांत या दारात आली नव्हती. मागचं गोदाम तिला न विचारता मधल्याने आपल्या वाटणीत दाखवलं, तेव्हापासून ती फक्त फोनवर बोलायची, तेही धाकट्याशी. आज मधला तिला आणायला रिक्षापर्यंत गेला होता आणि तिची पिशवी त्याने स्वतः उचलून आणली होती. आक्काने पिशवी त्याच्या हातात दिली, ती मुद्दाम जड भरून आणल्यासारखी.

वकीलबाईंनी आधी अडचण सांगितली. गाडी सोडा असं नुसतं म्हणून चालत नाही. दारूच्या प्रकरणात धरलेली गाडी सरकारजमा होऊ शकते. ती सोडवायची तर मालकाने शपथेवर सांगावं लागतं की जे झालं ते त्याला माहीत नव्हतं. मग त्यांनी प्रतिज्ञापत्राचा मसुदा काढून चौथा परिच्छेद वाचला. ‘सदर माल आरोपीने माझ्या नकळत व माझ्या संमतीशिवाय सदर वाहनात भरला.’

“सगळा कायदा या ‘नकळत’वर उभा आहे,” त्या म्हणाल्या. “बाकीचे कागद त्याला टेकू.”

आरोपी समोरच दाभणात सुतळी ओवत बसला होता. त्याने मान वर केली नाही.

मसुदा मोठीच्या हातात गेला. ती सावकाश वाचत होती. चौथ्या परिच्छेदाशी तिचं बोट थांबलं आणि तिथेच राहिलं. मधल्याला वाटलं, तिला शब्द अडला असेल. त्याने तो समजावून सांगितला. मोठी म्हणाली की शब्द कळला. तेवढ्यात वकीलबाईंना शिंकांची मोठी उबळ आली आणि त्या रुमाल तोंडाला लावून अंगणात गेल्या. त्या नळाशी पोचल्या हे मोठीने पाहून घेतलं.

“हे मला माहीत होतं,” ती म्हणाली.

 मोठीने पुढेही शांतपणे सांगितलं. गाडी पकडली त्याच्या आदल्या दिवशी सकाळी धाकट्याने तिला सगळं सांगितलं होतं. कोणाच्या बाटल्या, किती, कुठे जायच्या. तिने त्याला कर म्हटलं नाही, नको म्हटलं नाही. एवढंच म्हणाली की दोन बाटल्यांमध्ये कापूस जास्त घाल, नाहीतर वाजतील.

“वाजल्या नाहीत,” धाकटा म्हणाला. त्यात थोडा अभिमान होता.

मधल्याचा चेहरा पाहण्यासारखा झाला होता. आक्काला वाटलं, आता हा वहिनीवर उखडणार. पण मधल्याचं दुःख निराळंच निघालं.

“यांना सांगितलंस,” तो धाकट्याला म्हणाला, “आणि मला नाही?”

घरात ज्या एकट्या माणसाच्या खरोखर नकळत सगळं घडलं होतं, तो मधला होता. शपथ घ्यायला त्याच्याइतका लायक कोणी नव्हता. फक्त गाडी त्याची नव्हती.

आक्काने चष्मा काढून पदराने पुसला. ती दोन्ही बाजूंचा अंदाज घेत होती. गाडी सुटली नाही तर हॉस्पिटलची ऑर्डर जाणार, ऑर्डर गेली तर कारखाना बसणार, आणि बसलेल्या कारखान्याचं गोदाम तिला मिळून काय उपयोग? उलट वहिनीने खोटी शपथ घेतली आणि ती उद्या फुटली, तर जामीनदार म्हणून घर तिचं अडकणार. तिने विचारलं की हे आणखी कोणाला ठाऊक आहे. कोणाला नाही, धाकटा म्हणाला. मग आक्काने चष्मा परत डोळ्यांवर चढवला.

“वहिनी, तुम्हाला काय माहीत होतं, ते आम्ही कोणी ऐकलं नाही. त्या बाईंनी तर नाहीच.”

“मी ऐकलं ना,” मोठी म्हणाली.

*

वकीलबाईंना थोडा वेळ लागेल असं मधल्याने अंगणात जाऊन पाहून ठेवलं आणि तो तिथेच त्यांना सरबताचा आग्रह करत राहिला. आक्का मागचं गोदाम पाहायला म्हणून उठली. पाहायची संधी ती सोडणार नव्हती. कारखान्यात मोठी आणि धाकटा दोघंच उरले.

मोठी या घरात आली तेव्हा धाकटा सात वर्षांचा होता. मधला आणि आक्का तिला ‘तुम्ही’ म्हणत. धाकटा ‘तू’ म्हणायचा, आणि आता चौतिसाव्या वर्षीही त्यात बदल झाला नव्हता. शाळेत मार खाल्ला की तो तिला सांगायचा, नोकरी सोडली तेव्हा तिला सांगितलं, एका मुलीने नाही म्हटलं तेही तिलाच. यातलं फारसं काही शहाणपणाचं नव्हतं. सल्ला घ्यायला म्हणून तो कधी यायचा नाही. शर्ट काढून खुंटीला अडकवावा तसं सांगून मोकळा व्हायचा.

“वहिनी, तू सही कर,” तो म्हणाला. “मी तुला सांगितलं नव्हतं.”

“सांगितलं होतंस.”

“मग परत घेतो.”

मोठीला हसू आलं, पण तिने ते सुईसारखं ओठांत धरून ठेवलं. ती म्हणाली की तिला खोट्याचं एवढं वाटत नाही. खोटं या घरात पुष्कळ वेळा लिहिलं गेलंय आणि छप्पर जागेवर आहे. तिला वाटतंय ते वेगळंच. सहा वर्षांत तिला माहीत असलेली ही एकच गोष्ट आहे, आणि नेमकी तीच माहीत नव्हती असं तिने सांगायचं.

धाकट्याने यावर दाभण गादीपाटाच्या जाड कापडात खुपसलं, ओढलं, गाठ मारली. मग म्हणाला की तसंही गुन्हा त्याने कबूलच केलाय, तिच्या सहीने त्याच्यावर नवीन काही येत नाही. हे खरं होतं. तिला सांगता यावं म्हणून तो हे घरी बसल्या बसल्या पाठ करून आला होता, हेही मोठीला कळलं.

वकीलबाई सरबत पिऊन आत आल्या तेव्हा मोठीने कागद मांडीवर सरळ केला होता. सही करते, ती म्हणाली. पण तिच्या नकळत एवढंच झालेलं नाही. बाकीचंही लिहायचं.

“बाकीचं म्हणजे?”

मोठीने बोटांवर मोजत सांगायला सुरुवात केली. पिंजणाचं मशीन विकलं, ते तिला मशीन उचलायला माणसं आली तेव्हा कळलं. शेजारचा गाळा भाड्याने दिला, तो झेरॉक्सवाल्याने सामान लावल्यावर कळलं. तिच्या खोलीची भिंत दोन फूट आत आली, ती भिंतीला धडकल्यावर कळली. पाटीवरून थोरल्याचं नाव गेलं. आणि वाटणीचा कच्चा कागद झाला, त्यात तिला काय आलंय ते अजून कळायचंय.

मधला म्हणाला की हे घरगुती आहे, कोर्टात याचं काय काम. पण वकीलबाईंची शिंक जागच्या जागी थांबली होती. त्यांनी पेनाचं टोपण काढलं. ज्या बाईला घरातलं काहीच सांगत नाहीत, तिला बाटल्यांचं तरी कोण सांगणार? ‘नकळत’ला याहून चांगला पुरावा कुठून आणायचा? हा सगळा मजकूर त्यांनी पाचव्या परिच्छेदात घेतला, क पासून घ पर्यंत आणि वर एक ङ. मग मान वर करून त्या मधल्याला म्हणाल्या की हे खरं असल्याचं त्यानेही शपथेवर लिहून द्यावं लागेल.

मधल्याच्या कपाळावर आठी आली, कारण गाळ्याच्या भाडेकरारात त्याने स्वतःच्या हाताने ‘सर्व कुटुंबीयांच्या संमतीने’ असं लिहिलं होतं. एका कागदावर संमती आणि दुसऱ्यावर नकळत. टेम्पो हवा तर गाळ्याचा करार कच्चा पडत होता, करार हवा तर टेम्पो सडत होता. तो थोडा वेळ वकीलबाईंशी, मग धाकट्याशी आणि शेवटी पंख्याशी वाद घालत राहिला. आक्का एव्हाना गोदामातून परतली होती आणि दारात उभी राहून ऐकत होती. तिने एकच गोष्ट सुचवली. ‘च’ घालून त्यात गोदामही लिहा, म्हणजे तिलाही जामीनदार म्हणून बरं वाटेल.

अशा रीतीने एका तासात आक्का वहिनीच्या बाजूला गेली, आणि जिच्या सहीवर सगळं अडलं होतं तिच्याशी भांडायला मधला एकटा उरला. त्याने छपराला टेकलेल्या साठ गाद्यांकडे पाहिलं आणि पेन मागितलं.

*

बुधवारी कोर्टात पंखे चालू होते. आक्का दुसऱ्या बाकावर बसली होती आणि न्यायाधीशांचा चष्मा पाहत होती. फ्रेम सैल होती. ते मान खाली घालत तेव्हा चष्मा नाकाच्या शेंड्यावर घसरे आणि ते बोटाने वर ढकलत. असा माणूस कागद भरभर वाचतो, आक्काने मनात म्हटलं, हे आपल्या फायद्याचं आहे.

पण हे न्यायाधीश सगळं वाचणारे निघाले. त्यांनी पाचवा परिच्छेद वाचला, मागे जाऊन चौथा वाचला, परत पाचवा वाचला. सरकारी वकिलांनी हरकत घेतली होती. त्यांचं म्हणणं सरळ होतं. एका छपराखाली काम चालतं, एका चुलीवर जेवण होतं, बाटल्या शिवल्या गेल्या त्याच खोलीत अर्जदार बसतात, आणि यांना पत्ता नाही? न्यायाधीशांनी चष्मा वर ढकलला आणि मोठीला पुढे बोलावलं.

पिंजऱ्यापाशी उभं राहून तिने दोन्ही हात लाकडावर ठेवले. अंगठ्यावर सुईचा काळपट घट्टा होता. न्यायाधीशांनी विचारलं की हे सगळं यात लिहिलंय ते खरं का. भिंतीचंसुद्धा?

“भिंतीचं खरं आहे, साहेब. आणि गाळ्याचं सांगायचं तर झेरॉक्सवाला मला विचारायला आला, बाई, तुमच्याकडून पाणी मिळेल का. मी म्हटलं, तुम्ही कोण. तो म्हणाला, मी तुमचा भाडेकरू.”

कोर्टात हशा पिकला. टंकलेखकाने हसत हसत मागची ओळ खोडली. न्यायाधीश हसले नाहीत. त्यांनी मधल्याला उभं केलं आणि विचारलं की हे असंच झालं का.

मधला उभा राहिला. त्याच्या मागे बाजारातले चार ओळखीचे लोक बसले होते. त्यातला एक त्याच्या भाडेकराराचा साक्षीदार होता.

“हो,” तो म्हणाला.

“यांना का नाही सांगितलं?”

मधल्याने उत्तर शोधलं. ते प्रतिज्ञापत्रात नव्हतं, आणि वकीलबाईंनी पढवलेलंही नव्हतं.

“सांगायची पद्धत नाही, साहेब.”

एवढं खरं वाक्य त्या खोलीत त्या दिवशी दुसरं कोणी बोललं नसेल. न्यायाधीशांनी ते लिहून घेतलं. मग ते परत मोठीकडे वळले आणि त्यांनी शेवटचा प्रश्न विचारला. या बाटल्यांबद्दल?

धाकटा आरोपींच्या बाकावर अगदी कडेला बसला होता. तिथून त्याला मोठीची पाठ आणि तिच्या वेणीचा शेंडा दिसत होता. तिने ताबडतोब उत्तर दिलं नाही. वेळ फार गेला नाही, पंख्याचं एखादं चक्कर झालं असेल, पण वकीलबाई खुर्चीवर पुढे सरकल्या.

“मला त्या घरात कोणी काही सांगत नाही, साहेब,” मोठी म्हणाली.

धाकट्याने ते ऐकलं. उत्तर चोख होतं, न्यायाधीशांना पटलंही होतं. तो मनातल्या मनात ते वाक्य उलटसुलट करून पाहत होता. त्यातल्या ‘कोणी’त तोही बसत होता, आणि त्यानेच तिला तसं बसवायला सांगितलं होतं.

आदेश दुपारी मिळाला. गाडी अर्जदाराच्या ताब्यात द्यावी. खटला संपेपर्यंत विकू नये, दुसऱ्याच्या नावावर करू नये, रंग बदलू नये, कोर्ट मागेल तेव्हा हजर करावी. आणि शेवटी एक अट होती, जी न्यायाधीशांनी टंकलिखित मजकुराखाली हाताने लिहिली होती: वाहन दर खेपेस कोठे व काय घेऊन जाते याची माहिती अर्जदाराने स्वतः ठेवावी. यापुढे ‘नकळत’ ही सबब चालणार नाही.

वकीलबाईंनी बाहेर पायऱ्यांवर सगळ्यांना आदेश समजावून सांगितला, आणि मोठीला बाजूला घेऊन आणखी थोडं सांगितलं. खटला उभा राहील तेव्हा सरकार तिला साक्षीला बोलावणार. धाकटा आरोपी. तोवर तिने त्याच्याकडून काही ऐकायचं नाही. काहीही. आज ती कोर्टाला जे म्हणाली, ते तिला तीन-चार वर्षं म्हणत राहावं लागणार होतं. मोठीने विचारलं की एका घरात राहून हे कसं जमायचं. वकीलबाई म्हणाल्या की तुमच्या घराला त्याची सवय आहे ना.

*

टेम्पो आवारातून बाहेर काढायला अर्धा दिवस गेला. बॅटरी बसली होती, दोन चाकं जमिनीला चिकटल्यासारखी झाली होती, आणि मागे एका मांजरीने संसार थाटला होता. पावती पुस्तकावर सही करताना हवालदाराने मोठीकडे जरा अवघडून पाहिलं. ज्याने बसून हे प्रकरण उभं केलं, तो हाच. गाद्या तुमच्याकडच्याच का, त्याने विचारलं, माझी पाठ फार धरते, एखादी कडक बघा ना. मोठी म्हणाली की कडक तुम्ही पाहिलीच आहे.

चाव्या तिने चालवण्यापुरत्या मधल्याला दिल्या. मधला टेम्पो चालवून घरी घेऊन आला, पण उतरल्यावर चाव्या खिशात टाकायला त्याचा हात गेला आणि मोठीचा तळवा समोर आला.

दुसऱ्या दिवशी सकाळी आठ वाजता मधला शिवणाच्या खोलीच्या दारात येऊन उभा राहिला. सहा वर्षांत तो इथे फक्त काम किती झालं ते विचारायला यायचा. आज तो सांगायला आला होता. हॉस्पिटलला वीस गाद्या, जुन्या पुलाने जाणार, बारापर्यंत परत. मोठीने विचारलं, वीसच का, तीस मावतात ना. मधल्याने समजावून सांगितलं की हॉस्पिटलची लिफ्ट बंद आहे, वर चढवायला माणसं कमी आहेत. त्याला स्वतःलाच आश्चर्य वाटलं की हे सांगताना फारसं दुखलं नाही. दहा वाजता आक्काचा फोन आला. तिलाही सांगायचं होतं: गोदामाची मोजणी ती येत्या सोमवारी करून घेणार, वहिनींनी हजर राहावं. दुपारी झेरॉक्सवाला आला आणि म्हणाला की बाई, भाड्याचा कागद नव्याने करायचाय म्हणे, तुम्हाला विचारून. मोठी एकेकाला ऐकून घेत होती आणि हातातलं शिवण चालू ठेवत होती. घरात किती काय चाललेलं असतं, हे तिला त्या दिवशी कळलं. त्यातलं निम्मं कंटाळवाणं होतं.

चारच्या सुमारास धाकटा आला. तो दारात थांबला नाही; नेहमीसारखा आत येऊन समोरच्या गाठीवर बसला आणि त्याने दाभण उचललं. दोन टाके घातले. तिसऱ्याला हात थांबला.

“वहिनी, एक सांगायचं होतं.”

“हॉस्पिटलचं?”

“नाही गं. माझं.”

मोठीने सुतळी दातांनी तोडली. तिला त्याच्याकडे पाहावंसं वाटलं आणि तिने पाहिलं नाही. त्याच्या आवाजावरून बातमी चांगली होती की वाईट, हे सत्तावीस वर्षं तिला पहिल्याच शब्दाला कळायचं. आज ते कळण्याआधी तिला बोलायला हवं होतं.

“मला काही सांगू नकोस.”

 त्याने एक अर्धवट टाका पुरा केला, दाभण उशीत खोचलं आणि तो उठून बाहेर गेला. त्याला काय सांगायचं होतं, ते तिला माहीत नाही. हे ती शपथेवर सांगू शकेल.